चित्र आलं, आवाज येईना

चौसाळा,
११ फेब्रुवारी २०२५

आक्का,

पाया पडतो. तू आशीर्वाद दिलास असं धरून पुढचं लिहितो.

काल अमरसिंह टेम्पोवाला दुकानात आला. धारूरला माल उतरवून परत जाताना तो नेहमी थांबतो, पण काल आत येऊन उगाच पंख्यांचे भाव विचारत बसला. मग खिशातून एक कापडी पिशवी काढून काउंटरवर ठेवली. म्हणाला, "शेठ, हे नव्या लॅपटॉपवर चालंना. धारूरकडल्या एका गिऱ्हाइकाचं हाय. नाव काय न्हाई सांगितलं त्यानं."

अमरसिंह खोटं बोलायला लागला की त्याचा आवाज बारीक होतो, सायकलच्या ट्यूबमधून हवा जावी तसा. मी त्याच्याकडं बघितलंच नाही. पिशवीकडं बघितलं. तोंडाला कोकराच्या दाव्याची गाठ. उभ्या बीड जिल्ह्यात पिशवीला ती गाठ मारणारी बाई एकच, आणि तिनं तीन वर्षांपासून माझा नंबर तिच्या लेकाच्या, लखनच्या फोनात बंद करून ठेवलाय. म्हणून हे पत्र. फोन मधेच तोडता येतो. पत्र फाडायचं म्हटलं तरी चार ओळी वाचून होतात.

पिशवीत काय होतं ते तुला ठाऊक आहे. लखन शाळेत असताना भाऊबीजेला मीच आणून दिलेली टीव्ही ट्यूनरची काडी. संगणकाला खोचली की केबलची वायर लावून टीव्ही दिसायचा, आणि हँडीकॅमची पिवळी-पांढरी-लाल वायर लावली की कॅमेऱ्यातलं संगणकात उतरायचं. तेव्हा वाडीतल्या बाया तुझ्या ओसरीवर मालिका बघायला बसायच्या आणि तू त्यांना चपला बाहेर काढायला लावायचीस.

अमरसिंहला चहा पाजला. दुसऱ्या कपाला सगळं बाहेर आलं. सटवातात्या गेल्यापासून गजीच्या नाचाला, रिंगणाला हाक देणारं कुणी उरलं नाही. पाडव्याच्या तिसऱ्या दिवशी यात्रा, बिरोबापुढं पहिली गजी आपल्या वाडीची, आणि त्यातली उतरणीची घाई आपल्याशिवाय कुणाला येत नाही. घाट उतरताना मेंढरं जशी दबकत, थांबत, मग एकदम सुटत येतात, तशी या घाईची पावलं. पंचांनी सांगितलंय म्हणे, यंदा उतरणीची घाई उभी राहिली नाही तर पहिल्या गजीचा मान खालच्या वाडीला. लखननं पोरं गोळा केलीत, हाक तोच देणार, रिंगणात हा अमरसिंहही. पण शिकायचं कशावरून? तात्या नाचत असतानाची यात्रा हँडीकॅमच्या त्या एकाच कॅसेटमध्ये आहे. त्यात ढोल माझ्या गळ्यात आहे हे अमरसिंह बोलला नाही. मीही बोललो नाही.

तर आधी कामाचं. काडी मी दुकानातल्या जुन्या मशीनवर लावून बघितली. ठणठणीत आहे. खोट काडीत नाही, ओळख करून देणाऱ्यात आहे. ड्रायव्हर म्हणजे मध्यस्थ समज, तो 'हा कोण, कुठला, याच्याशी कसं बोलायचं' हे संगणकाला सांगतो. डब्यातल्या सीडीवरचा मध्यस्थ जुन्या काळचा. त्याला नव्या लॅपटॉपची भाषा येत नाही, त्यामुळं दोघंही एकमेकांकडं बघत उभे राहतात. लखनला सांग, सीडी ट्रंकेत टाक. डब्यावरच्या कंपनीच्या नावालाही भुलू नको. आतली चिप कुणाची ते बघायचं. ती मी बघितली, आणि त्याच चिपचा चौसष्ट बिटचा ड्रायव्हर पेन ड्राइव्हमध्ये टाकून काडीबरोबर पाठवतोय. सेटअपवर टिचकी मारायची नाही. डिव्हाइस मॅनेजरमध्ये जायचं, पिवळ्या चिन्हावर उजवी टिचकी, 'अपडेट ड्रायव्हर', मग 'मी स्वतः निवडतो', मग 'हॅव डिस्क', आणि पेन ड्राइव्हमधली शेवटी आयएनएफ लिहिलेली फाइल दाखवायची.

आता बिनकामाचं. मला काय पाहिजे ते उघड सांगतो, म्हणजे तुला अंदाज बांधत बसायला नको. मला यात्रेचं बोलावणं पाहिजे. तात्यांच्या मातीला मी आलो, तेव्हा तू पदर पुढं ओढून आत गेलीस. ते चाललं. मातीला बोलावणं लागत नाही. यात्रेला लागतं, आणि बिनबोलावता बहिणीच्या उंबऱ्यावर उभा राहणारा भाऊ मी नाही. दुसरं असं, की बोलावणं आलं तर मोहिनीलाही आलं पाहिजे. ती पाळण्यात असताना तू 'ही माझी सून' म्हणालीस. लखनसाठी तू ती धरून ठेवलीस. वेळ आली तेव्हा मी पोरीला विचारलं, ती नाही म्हणाली. माझ्या मते विषय तिथं संपला. तुझ्या मते तिथं सुरू झाला.

तुझा,
बजरंग


चौसाळा,
२० फेब्रुवारी

आक्का,

पत्र फाडलं नाहीस. कसं कळलं म्हणशील, तर अमरसिंहनं लखनचा निरोप आणला आणि त्यात 'हॅव डिस्क' हा शब्द होता.

लखननं तरी आधी सेटअपवर टिचकी मारलीच. मारू नको म्हटलं की मारायची, हे त्यानं बापाकडून घेतलेलं नाही. असो. मग सांगितलं तसं केलं, तर लॅपटॉप म्हणतो, या ड्रायव्हरवर सही नाही, मी आत घेणार नाही. बरोबर आहे त्याचं. हल्लीचे संगणक अनोळखी माणसाला दारातच कागद विचारतात. पूर्वी आपल्याकडं कुणीही यायचं, जेवायचं, मग नाव विचारायचो.

उपाय आहे. सेटिंगमध्ये सिस्टिम, त्यात रिकव्हरी, त्यात 'ॲडव्हान्स्ड स्टार्टअप'. मशीन बंद होऊन निळा पडदा येईल. ट्रबलशूट, ॲडव्हान्स्ड, स्टार्टअप सेटिंग, पुन्हा रीस्टार्ट. यादी आली की सात नंबर दाबायचा. सात म्हणजे 'यावेळी सही तपासू नको'. तरीही आडवं लावलं तर विंडोज सिक्युरिटीमध्ये 'कोअर आयसोलेशन' आहे, त्यातलं 'मेमरी इंटिग्रिटी' बंद करायचं. काम झालं की आठवणीनं परत चालू करायचं. कुलूप एका पाहुण्यापुरतं काढायचं असतं, कायमचं नाही.

एक गोष्ट नीट समजून घ्या. ही सवलत एका बैठकीची आहे. मशीन बंद करून पुन्हा चालू केलं की ते सगळं विसरतं आणि पहिल्यापासून संशय घ्यायला लागतं. तेव्हा लखनला सांग, यात्रेपर्यंत लॅपटॉप बंदच करू नको, नुसतं झाकण लावत जा. झोपलेलं मशीन राग विसरत नाही तसं ओळखही विसरत नाही.

आता एक सांगून टाकतो, कारण दाजी सांगतीलच. परवा गेवराईला एका हॉटेलात कॅमेरे बसवायला गेलो होतो. गोदाकाठाला आपल्या मेंढरांचा वाडा बसलाय असं कानावर आलं, म्हणून वाट वाकडी केली. म्हाळूदाजी बांधावर बसून लोकर कातत होते. मला बघून उठले नाहीत, पण बसायला घोंगड्याचं टोक सरकवलं. एवढं आपल्या माणसात पुरतं. भाकरी खाल्ली. तुझा विषय मी काढला नाही. त्यांनीच काढला. म्हणाले, "बजरंगा, तुझी आक्का रुसलीय का नुसती रुसायची सवय लागलीय, मला काय कळंना बग. तुला कळलं तर मला बी सांग."

मी म्हटलं, मलाही कळत नाही. ते खोटं होतं. मला कळतं, पण दाजींना आधी सांगणं बरं दिसलं नसतं.

सात नंबर. विसरू नका.

बजरंग


चौसाळा,
३ मार्च

आक्का,

चित्र आलं हे ऐकून बरं वाटलं. काळंपांढरं आलं आणि पडद्यावर घसरत चाललंय हेही ऐकलं. त्यात घाबरायचं नाही. ही काडी जगभर विकली गेली. अमेरिकेचं टीव्हीचं माप वेगळं, आपलं वेगळं. आपलं माप 'पाल बी'. व्हीएलसीमध्ये कॅप्चर उघडलं की व्हिडिओ स्टँडर्ड विचारतं, तिथं ते निवडायचं, आणि इनपुट 'कंपोझिट'. रंग येतील. तात्यांचा फेटा पिवळा दिसायला लागला की समज जमलं.

पण अमरसिंहनं जे दुसरं सांगितलं ते ऐकून मी दुकानात एकटाच हसत बसलो. पोरं चित्र बघून चार दिवस शिकली, आणि परवा देवळापुढं उभी राहिली तर अख्खं रिंगण उलट्या बाजूनं फिरलं. देवाला उलटी प्रदक्षिणा. आणि म्हणे छबुबाई पुजारीण तांब्या टाकून धावत आली.

आक्का, पोरांचा दोष नाही. तात्यांनी आपल्याला शिकवलं ते पाठीमागं उभं करून. त्यांची पाठ बघायची आणि पाय टाकायचा. ही पोरं पडद्याकडं तोंड करून शिकलीत. समोरून येणाऱ्याचा उजवा पाय तो यांनी डावा केला. यालाही इलाज आहे. व्हीएलसीत टूल्स, इफेक्ट्स, व्हिडिओ इफेक्ट्स, जिऑमेट्री, ट्रान्सफॉर्म. त्यात आडवं उलटवायचं. चित्र आरशासारखं होईल. मग बघतील तसं करतील आणि देवाची प्रदक्षिणा सरळ होईल. छबुबाईला तांब्याचा खर्च मी देतो म्हणावं.

आणि एक. तू म्हणे पोरांना भाकरी करून घालतेस आणि चुलीपाशी बसून 'पाय उचल, मेल्या' म्हणतेस. म्हणजे तू बघतेस. मग तुला त्या चित्रात मीही दिसत असणार, मोठ्या मिशांचा, काळ्या केसांचा. तुझ्या कडेवर मोहिनी आहे का त्यात? त्या यात्रेला ती दिवसभर तुझ्याकडंच होती एवढं आठवतं. तिच्या आईकडं जायला तयार नव्हती.

बजरंग


चौसाळा,
१२ मार्च

आक्का,

आवाज येईना, असा निरोप मिळाला. चित्र स्वच्छ, तात्या नाचतायत, माझे हात ढोलावर पडतायत, आणि सगळं मुकं.

काळजी करू नका. या काडीचा हा जुना आजार आहे. चित्र एका दारानं आत येतं, आवाज दुसऱ्या. पहिलं, कॅमेऱ्याची पांढरी आणि लाल वायर घट्ट बसलीय का बघा. दुसरं, व्हीएलसीमध्ये व्हिडिओ आणि ऑडिओ वेगवेगळे निवडावे लागतात. ऑडिओत लॅपटॉपचा माइक निवडलेला असेल, तिथं काडीचं नाव निवडा. तिसरं कुणाच्या ध्यानात येत नाही, मीसुद्धा दोन गिऱ्हाइकांचे शिव्याशाप खाऊन शिकलो. नवं विंडोज काडीतून येणाऱ्या आवाजाला मायक्रोफोनच समजतं. सेटिंगमध्ये प्रायव्हसी, त्यात मायक्रोफोनची परवानगी बंद असली तर काडी कितीही ओरडली तरी आत काही जात नाही. परवानगी चालू करा.

यातलं एक नक्की लागू पडेल. हायवेवर दुकान टाकल्यापासून मला अजून कुठल्या ट्यूनरनं हरवलेलं नाही. तुमच्या मेंढरांमागं फिरलेल्या पोराला आधी डिश, मग केबल, मग कॅमेरे, असं एकेक यंत्र उमजत गेलं, ते पुस्तक वाचून नाही. कान लावून. खराब ट्रान्सफॉर्मर आणि आजारी मेंढी, दोघं आधी आवाजात बिघडतात. हे तात्यांनी शिकवलं.

कळव.

बजरंग


चौसाळा,
२१ मार्च

आक्का,

हे पत्र मी अमरसिंहकडं देणार नाही. पण लिहिल्याशिवाय बसवत नाही.

तिन्ही उपाय केले, आवाज येईना, असा निरोप तू पुन्हा धाडलास. मग मी कॅमेऱ्याचा आवाज थेट लॅपटॉपात नेणारी लाइन-इनची वायर पाठवली. तरी येईना. मग मी स्वतः दुकानातला नवा लॅपटॉप घेतला, तसलीच काडी पुण्याहून जुन्या मालातून मागवली, तोच ड्रायव्हर टाकला. आवाज खणखणीत. मी चक्रावलो. वाडीत असं काय आहे जे चौसाळ्यात नाही?

आज दुपारी अमरसिंहला फोन लावला, वॉशिंग मशिनचं विचारायला. तो वाडीत होता, तुझ्या दारातच. तो सांगत होता, हो शेठ, नाही शेठ, आणि त्याच्या पाठीमागं मला तात्यांची हाक ऐकू आली.

सटवातात्यांची. ती लांब ओढलेली, शेवटाला तुटणारी. आणि तिच्याबरोबर माझा ढोल.

मेलेला माणूस वाडीत हाक देत नाही, आक्का. मी विचारलं, अमरसिंह, कसला रे आवाज? म्हणाला, "कुटं काय, शेठ? वारं हाय." आवाज ट्यूबमधल्या हवेसारखा.

म्हणजे आवाज आलेला आहे. कदाचित पहिल्याच दिवशी आला असेल. तुम्ही रोज तो लावून पोरांना नाचवता आणि मला निरोप धाडता की येईना. दिवसभर मी विचार केला की हे कुणाच्या डोक्यातलं. लखनच्या असेल तर गोष्ट साधी आहे, पोराला मामा पाहिजे. तुझ्या असेल तर गोष्ट मोठी आहे. तू कधी खोटं बोलली नाहीस. तुला ते जमतच नाही, म्हणून तू गप्प बसतेस.

मी हे तुला कळवलं तर तू पदर ओढून आत जाशील, आणि या वेळी बाहेर येणार नाहीस. म्हणून हे इथंच ठेवतो.

बजरंग


चौसाळा,
२१ मार्च

आक्का,

हरलो. या काडीपुढं माझं चालेना. चित्र आहे, आवाज नाही, आणि ढोलाशिवाय उतरणीची घाई शिकता येत नाही हे तुलाही ठाऊक आहे आणि मलाही. यंत्रानं आवाज दिला नाही तर माणसानं द्यावा लागतो, दुसरा उपाय मला सुचत नाही. तुला सुचला तर बघ.

बजरंग


चौसाळा,
२६ मार्च

आक्का,

लखन काल मोटारसायकलवरून आला. तीन वर्षांत पोरगा रुंद झालाय. दुकानातल्या सगळ्या टीव्हींवर एकच क्रिकेट चालू होतं, ते बघत उभा राहिला आणि माझ्याकडं न बघता म्हणाला, "मामा, आईनं यात्रेला बोलावलंय. ढोल घेऊन या म्हणली. आवाज येईना म्हून."

मी मान डोलवली. म्हटलं, फार अवघड केस आहे ही. विचारलं, कुणाकुणाला बोलावलंय?

"त्ये काय बोलली न्हाई."

मी त्याला जेवायला बसवलं. पोटात घास गेल्यावर तो बोलला. आक्का, मी तुला सांगू नये म्हणून त्यानं मला शपथ घातली, आणि मी शपथ घेतली नाही, म्हणून सांगतो. तो म्हणाला, "मामा, मोहिनी न्हाई म्हणली तवा मला बी बरंच वाटलं. लहानपणापासून ती मला दादा म्हणती. पर आईला सांगायची माजी छाती झाली न्हाई." म्हणजे तीन वर्षं तू ज्याच्या वतीनं रुसलीस तो रुसलेलाच नव्हता. याचा राग त्याच्यावर काढू नकोस. यात्रेआधी हाक देणाऱ्याचा घसा बसला तर पंचाईत होईल.

तर माझं उत्तर. मी येतो. ढोल खाली काढलाय, कातडं ताणून घेतलंय, उन्हात ठेवलाय. मोहिनी आणि जावई गेवराईहून पाडव्याला इथं येतील. मंगळवारी सकाळी आम्ही सगळे मिळून निघू. तुला ते नको असेल तर अमरसिंहच्या हाती एक शब्द धाड, मी ढोल त्याच्या टेम्पोत घालून पाठवीन आणि इथंच राहीन. रागानं नाही. ढोल वाजवायला मला एकटं येता येईल, पण लेकीला मागं ठेवून बहिणीकडं यायला जमणार नाही.

शब्द आला नाही, तर निघालोच म्हणून समज.

बजरंग


चौसाळा,
५ एप्रिल

आक्का,

आता माझा नंबर तू मोकळा केलायस, कालपासून तीनदा फोनही केलास, तरी हे लिहितो. फोनवर तू बोलू देत नाहीस.

अमरसिंह काही घेऊन आला नव्हता. सोमवारी संध्याकाळपर्यंत मी रस्त्याकडं बघत होतो, हे आज कबूल करायला हरकत नाही. मंगळवारी गाडी केजच्या पुढं चढणीला लागली तशी मोहिनी म्हणाली, "आप्पा, आत्या बोलली न्हाई तर मी देवळात जाऊन बसीन. तुमी वाजवा." मी म्हटलं, बघू.

तू अंगणात दुरड्या भरत होतीस. मला बघून नुसतं "आलास" म्हणालीस. मोहिनी वाकली तर तू तिला वाकूही दिलं नाहीस. मग म्हणालीस, "वाकायचं नंतर. ती दुरडी उचल आदी. पाहुनी हायस का तू?" पोरीनं दुरडी उचलली. जावई बावचळून चपला काढू का नको करत उभे राहिले, तेव्हा मी त्यांना हळूच सांगितलं की काम झालं, काढा.

पण मला लिहायचंय ते रिंगणाचं. बिरोबापुढं खालच्या वाडीचे हाताच्या घड्या घालून बसलेले. पंच बसलेले. लखन हाक द्यायला उभा, पिवळा फेटा बांधून. मी ढोल गळ्यात अडकवला आणि बाकीच्या घाया निघाल्या तशा नीट निघाल्या. उतरणीची घाई आली आणि सगळं लटपटलं. मी लखनच्या हाकेची वाट बघायचो, हाक आली की थाप मारायचो, तसंच तर असतं. पण तोवर पोरांचे पाय पुढं गेलेले. रिंगण आपल्यातच अडखळायला लागलं. खालच्या वाडीतला कुणीतरी खोकला. पंचांतल्या एकानं दुसऱ्याकडं बघितलं.

तेवढ्यात रिंगणातून अमरसिंह नाचता नाचता ओरडला, "शेठ, टेपमंदी ढोल हाकेच्या आदी येतोय. तुमी मागून कावून यायलाव?"

बोलून गेला आणि मग त्याला कळलं. लखनला कळलं. रुमाल हवेत तसेच राहिले. सगळ्यांनी तुझ्याकडं बघितलं, कारण टेपचा आवाज येत नव्हता ना. मी तर ढोलाच्या दोरीकडं बघत राहिलो. मला वाटलं आता पदर येतो पुढं.

तू रिंगणाशेजारच्या चुलीपासून उठलीस. हाताचं पीठ झटकत माझ्याजवळ आलीस आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणालीस, "आवाज पैल्याच दिशी आलता. तुझी थाप तात्याच्या हाकेच्या आदी पडती त्यात. पोरं ती चूक तशीच शिकायलीत. चूक तुझी, तूच निस्तर. म्हून बोलावलं. दुसरं काय न्हाई."

लोक हसले. पंचसुद्धा. मीही हसलो, पण आतून चिडलो, हे सांगतो. माझी थाप कधी चुकत नाही. तात्यांनीसुद्धा जाईपर्यंत हे कधी म्हटलं नव्हतं. तू परत चुलीकडं गेली नाहीस. धूळ उडते म्हणून मोहिनीला हाताला धरून ढोलाच्या मागच्या बाजूला येऊन उभी राहिलीस. लखननं पुन्हा सुरुवात केली. आणि आक्का, या खेपेला घाट उतरला. दबकत, थांबत, मग एकदम सुटत. धुळीत मला पाय दिसत नव्हते, पण ऐकू येत होते, सगळे एका वेळी पडणारे. खालच्या वाडीचे उठून उभे राहिले. मान राहिला. मला वाटलं, हात गरम झाले म्हणून जमलं.

निघताना लखननं कॅसेटमधली ती जुनी यात्रा पेन ड्राइव्हमध्ये घालून दिली. काल दुपारी गिऱ्हाईक नव्हतं, तेव्हा शटर अर्धं ओढून मोठा हेडफोन लावला आणि बसलो. तुझं खोटं पाडायला बसलो होतो. तू खरी निघालीस. थाप हाकेच्या आधी पडते. प्रत्येक वेळी, थोडीशीच, पण आधी. मी ती जागा पुन्हा पुन्हा ऐकली. मग बाकी सगळं बारीक केलं आणि मधला भाग मोठा केला, आम्ही खराब रेकॉर्डिंगमधून बोलणं काढतो तसं.

थापेच्या आधी एक बाई बोलते. कॅमेऱ्यापासून लांब, ढोलाच्या अगदी जवळ. चित्रात दिसत नाही, तिच्या कडेवरच्या पोरीचा एक पाय तेवढा दिसतो. ती म्हणते, "आता, बजू."

प्रत्येक थापेच्या आधी. तात्यांनी टाच उचलायच्या आधी तुला ते दिसायचं, आणि तू म्हणायचीस, आणि माझा हात पडायचा. मी आजवर समजत होतो की मी तात्यांच्या हाकेवर वाजवतो. तू हे विसरली असशील. किंवा विसरली नसशील, आणि तेच मला जास्त खरं वाटतं.

मंगळवारी मागं उभी राहून म्हणालीस का, ते मला सांगता येणार नाही. गर्दी होती. पण हात वेळेवर पडला.

तेव्हा पुढच्या यात्रेला चुलीपाशी दुसऱ्या कुणाला तरी बसव. मोहिनी आहे, बायडाबाई आहे, कुणीही भाकरी थापेल. तुझी जागा तिथं नाही.

बजू